एक लाख रिकामटेकडे

आमचे एक विद्वान स्नेही आहेत. इतिहास हा त्यांचा विषय, आणि ज्या गोष्टीने ज्ञानात भर पडत नाही अशा प्रत्येक गोष्टीचा मनःपूर्वक तिटकारा हे त्यांचे व्यसन. अमेरिकेतील एका विद्यापीठाचा फुटबॉलचा संघ दरवर्षी एप्रिल महिन्यात आपल्याच मैदानावर आपल्याशीच खेळतो, त्या खेळात हरणाराही तोच व जिंकणाराही तोच, आणि असा हा सराव पाहावयास एकदा एक लाखावर माणसे जमली होती, हे वृत्त त्यांच्या कानी आले तेव्हा त्यांनी चष्मा कपाळावर सरकवून एकच शब्द उच्चारला : "रिकामटेकडे!" आम्ही त्या वेळी हसलो आणि चहाचा पेला तोंडास लावला. उत्तर देणे सोयीचे नव्हते. त्या लाखांत एक आम्हीही होतो.

हे उत्तर आम्ही आणखीही काही वर्षे टाळले असते. परंतु २०२५ सालच्या वसंतात ही चाल एकामागून एक विद्यापीठे मोडीत काढू लागली, आणि ती बातमी आमच्या स्नेह्यांनी "अखेर तेथेही शहाणपण आले" अशा शब्दांत साजरी केली. शहाणपण आले असते तर आम्हीही त्यांच्याबरोबर पेढे वाटले असते. जे आले आहे ते शहाणपण नव्हे. आणि हा दिवस कोणत्या कारणाने बुडविला जात आहे हे आमच्या स्नेह्यांस कळले तर त्यांचा आनंद टिकणार नाही, अशी आमची खात्री आहे. म्हणून हा लेखनप्रपंच.

ज्या वाचकांस हा खेळ ठाऊक नाही त्यांच्यासाठी दोन शब्द सांगितले पाहिजेत. अमेरिकेत ज्यास फुटबॉल म्हणतात त्यात पायाचे काम थोडे आणि हाताखांद्यांचे फार. चेंडू शेंडी काढलेल्या नारळासारखा लांबोळा. दोन्ही बाजूंस अकरा अकरा गडी. ज्यांच्याकडे चेंडू असेल त्यांनी चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकावयाचे, न जमल्यास चेंडू प्रतिपक्षाच्या स्वाधीन करावयाचा. या सरकासरकीत जी धडकाधडकी होते तिच्यापुढे आपली कबड्डी म्हणजे हळदीकुंकवाचा समारंभ वाटावा. महाविद्यालयांतील पहिला सामना रटगर्स व प्रिन्स्टन यांच्यात ६ नोव्हेंबर १८६९ रोजी झाला. आता मोसम ऑगस्टच्या अखेरीपासून डिसेंबरपर्यंत चालतो, आणि वरचढ ठरणाऱ्या संघांचा जानेवारीपर्यंत. पुढे वसंत ऋतूत 'एनसीएए' या राष्ट्रीय क्रीडासंस्थेच्या नियमाप्रमाणे प्रत्येक संघास पंधरा वेळा सराव करता येतो, आणि त्या सरावाच्या अखेरीस एके शनिवारी दरवाजे उघडून संघाचे दोन भाग पाडावयाचे व त्यांस आपापसांत खेळवावयाचे, अशी जुनी वहिवाट आहे. नेब्रास्कात तांबडे विरुद्ध पांढरे. पेन स्टेटमध्ये निळे विरुद्ध पांढरे. ओहायो स्टेटमध्ये शेंदरी विरुद्ध राखी. अलाबामात या दिवसास 'ए-डे' म्हणतात, आणि निक सेबन हे प्रशिक्षक असता तेथे जिंकणाऱ्या बाजूस उत्तम मांसाचे व हरणाऱ्या बाजूस उसळीचे जेवण मिळत असे. चेंडू फेकणारा जो मुख्य गडी, त्यास क्वार्टरबॅक म्हणतात, त्यास त्या दिवशी निराळ्या रंगाचा सदरा घालतात व त्यास कोणी पाडावयाचे नसते. युद्ध आहे, पण सेनापतीच्या अंगास हात लावावयाचा नाही असा दोन्ही सैन्यांचा करार झालेला! आमच्या स्नेह्यांचे हसू येथपर्यंत आम्हांलाही मान्य आहे.

२०१६ सालच्या एप्रिलात आम्ही कोलंबस शहरी आमच्या पुतण्याकडे उतरलो होतो. ओहायो स्टेट विद्यापीठ त्याच गावी आहे. शनिवारी सकाळी पुतण्याने "काका, आज वसंताचा सामना" म्हणून घोषणा केली, तेव्हा आम्ही नाइलाजाने कोट चढविला आणि खिशात एक पुस्तक टाकले. दोनतीन तास काढावयाचे तर काही साधन हवे, असा आमचा हिशेब. त्या पुस्तकाचे एक पानही उलटले गेले नाही. ओलेंटँजी नदीच्या काठचे ते स्टेडियम १९२२ साली बांधलेले, घोड्याच्या नालेच्या आकाराचे, आणि लाखावर माणसे पोटात घेणारे. त्या दिवशीच्या उपस्थितीचा अधिकृत आकडा १,००,१८९. एवढा समुदाय आम्ही एका ठिकाणी पंढरपूर सोडल्यास कोठे पाहिला नव्हता. एका बाजूने 'ओ-एच्' अशी आरोळी उठे, दुसऱ्या बाजूने 'आय्-ओ' असे उत्तर येई, आणि ती आरोळी वर्तुळ पुरे करून पुन्हा मूळ जागी येईपर्यंत मैदानावर काय घडले याकडे निम्म्या लोकांचे लक्षही नसे. पण कोणी चिडलेले नव्हते. ज्या खेळात शत्रूच नाही तेथे चिडावयाचे कोणावर? मोसमातील मोठ्या सामन्याचे तिकीट शंभर डॉलरांच्या पलीकडे जाते आणि तेही मिळावयास वशिला लागतो. त्या दिवशी मात्र अल्प दरात कुटुंबेच्या कुटुंबे आली होती. कडेवर मूल घेतलेल्या आया, काठी टेकीत चढणारे म्हातारे, बापाच्या खांद्यावरून मैदान पाहणारी पोरे. मोसमात ज्या बाकांवर धनिकांच्या पार्श्वभागांचा वंशपरंपरा हक्क असतो, त्या बाकांवर ही मंडळी निवांत पाय पसरून बसली होती.

आमच्या शेजारी एक वृद्ध दांपत्य होते. राज्याच्या दक्षिण भागातील एका लहान गावाहून पहाटे निघून ते आले होते. म्हाताऱ्याच्या हातात छापील कार्यक्रमपत्रिका होती, आणि तिच्यातील एका नावाखाली त्याने पेन्सिलीने रेघ ओढली होती. ते नाव त्याच्या नातवाचे. हा नातू संघात होता खरा. परंतु शिष्यवृत्तीवर नव्हता. तेथील भाषेत अशा मुलास 'वॉक-ऑन' म्हणतात, म्हणजे न बोलावता आपल्या पायांनी चालत आलेला. त्या काळी एका संघास ८५ शिष्यवृत्त्या देता येत. त्यांच्या पलीकडचे गडी आपल्या खर्चाने शिकत, आपल्या हौसेने पहाटे उठत, वर्षभर रोज संघातील श्रेष्ठ खेळाडूंचे धक्के खात, आणि सामन्याच्या दिवशी गणवेश घालून कडेला उभे राहत. ज्याला आपल्याकडे तालमीतला 'जोड' म्हणतात, ती त्यांची जागा. मोठ्या मल्लाची कुस्ती गाजते. त्याला रोज अंगावर घेऊन तयार करणाराचे नाव कोणी विचारीत नाही.

सामन्याच्या शेवटच्या भागात तो नातू मैदानात आला. सात किंवा आठ डाव खेळला असेल. चेंडू त्याच्या हाती एकदाही आला नाही. त्याने कोणास तरी अडविले, एकदा स्वतः उताणा पडला, उठला, आणि मग दुसरा कोणी आत आला व तो पळत बाकाकडे गेला. आजीबाई तेवढा वेळ उभ्या होत्या. त्या खाली बसल्या तेव्हा म्हाताऱ्याने कार्यक्रमपत्रिकेची काळजीपूर्वक घडी घातली, ती सदऱ्याच्या खिशात ठेवली, आणि आमच्याकडे वळून विचारले, "आपलाही कोणी मुलगा खेळतो आहे काय?" आम्ही नाही म्हटले. मग इतक्या दुरून का आलात, असे त्याने विचारले नाही. त्याच्या मते ते ठीकच होते.

कोणती बाजू जिंकली हे आम्ही गाडीपाशी पोहोचेपर्यंत विसरलो होतो. पुतण्यासही सांगता आले नाही.

आता आमच्या स्नेह्यांच्या पक्षाचे म्हणणे न्यायाने मांडले पाहिजे, कारण तो पक्ष दुबळा नाही. या खेळाने विद्यापीठांचे जे नुकसान केले त्याची तक्रार शंभर वर्षांहून जुनी आहे. १९०५ च्या मोसमात या खेळापायी दीड डझनाच्या आसपास तरुण प्राणांस मुकले; अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांस हार्वर्ड, येल व प्रिन्स्टन येथील प्रतिनिधींना व्हाइट हाउसमध्ये बोलावून कानउघाडणी करावी लागली, आणि आजच्या एनसीएएचा जन्म त्याच भानगडीतून झाला. कोलंबिया विद्यापीठाने तर त्या मोसमानंतर खेळ बंदच केला तो थेट १९१५ साली पुन्हा सुरू केला. डॉ. बाबासाहेब आंबेडकर १९१३ पासून १९१६ पर्यंत त्याच विद्यापीठात होते. म्हणजे त्यांच्या तेथील वास्तव्याचा बराच काळ कोलंबियास फुटबॉलचा संघ नव्हता, आणि त्यावाचून कोणाच्या विद्येचे काही अडले असे दिसत नाही. पुढे १९२९ साली कार्नेगी प्रतिष्ठानाने मोठा अहवाल काढून महाविद्यालये खेळाडूंना कशी आमिषे दाखवितात याचा पंचनामा केला. तो सर्वांनी वाचला आणि आमिषे पूर्ववत् चालू राहिली. आज तेथील पुष्कळ राज्यांत सरकारी तिजोरीशी संबंधित नोकरांपैकी सर्वांत जास्त पगार घेणारा माणूस राज्यपाल नसतो, विद्यापीठाचा अध्यक्षही नसतो. तो फुटबॉलचा प्रशिक्षक असतो. आम्ही स्वतः पंचवीसांवर वर्षे अध्यापन करीत आलो आहो, आणि हे वाक्य लिहिताना आमचा हात जरा जड झाला हे कबूल करतो.

वसंताच्या सामन्याविषयीही सर्वच गोडगोड सांगण्यासारखे नाही. २००७ साली अलाबामात पहिल्या 'ए-डे'स ९२,१३८ माणसे लोटली ती काही कोणाच्या नातवासाठी नव्हेत. वर्षाकाठी सुमारे चाळीस लाख डॉलरांवर आणलेल्या निक सेबन यांच्या रूपाने अवतार प्रगट झाला होता, त्याचे ते दर्शन होते. २०२३ साली कोलोराडोत डिऑन सँडर्स यांच्यासाठी पडत्या बर्फात ४७,२७७ लोक बसले, आणि वाहिनीने तो सराव देशभर दाखविला. या गर्दीस आमच्या स्नेह्यांनी हवे ते नाव द्यावे. आम्ही आड येणार नाही.

परंतु या खेळावर रागावलेल्या विद्वानाने काय करावे याचे एक उदाहरण इतिहासात आहे, आणि आमचे स्नेही इतिहासाचे अभ्यासक असल्यामुळे ते त्यांच्यापुढे ठेवणे आम्हांस योग्य वाटते. रॉबर्ट हचिन्स हे वयाच्या तिसाव्या वर्षी शिकागो विद्यापीठाचे अध्यक्ष झाले. तेथील संघ एके काळचा अजिंक्य. 'हाइझमन' हे या खेळातील श्रेष्ठ पारितोषिक पहिल्याने मिळविणारा खेळाडू १९३५ साली शिकागोचाच निघाला. हचिन्स यांनी १९३९ साली तो संघच रद्द केला. विद्यापीठ हे विद्येसाठी आहे, आणि या व्यापाराने विद्येस बाध येतो, असे त्यांचे मत होते. ते त्यांनी बोलून दाखविले आणि त्याची किंमतही भरली. रिकाम्या पडलेल्या त्या मैदानाच्या बाकांखाली २ डिसेंबर १९४२ रोजी एन्रिको फर्मी व त्यांचे सहकारी यांनी जगातील पहिली स्वयंचलित अणुविखंडनाची साखळी पेटविली. बाकांचा हा उपयोग मानवजातीस फुटबॉलपेक्षा हितकर ठरला की काय, या वादात आम्ही पडत नाही. पण हचिन्स यांच्याविषयी आम्हांस आदर आहे. त्यांनी जे वाईट मानले ते सगळे टाकले. त्यातील किफायतशीर भाग घरात ठेवून उरलेला उकिरड्यावर फेकला नाही.

आज जे चालले आहे ते नेमके याच्या उलट आहे. २०२५ सालच्या आरंभी नेब्रास्काचे प्रशिक्षक मॅट रूल यांनी जाहीर केले की नेहमीसारखा वसंताचा सामना होणार नाही; त्याऐवजी निरनिराळ्या खेळांची जत्रा भरेल. कारण त्यांनी लपविले नाही. आदल्या वर्षीचा सामना दूरचित्रवाणीवर दाखविला गेला, तो पाहून इतरांनी आमचे खेळाडू फोडण्याची खटपट केली, असे त्यांचे म्हणणे. टेक्सासनेही त्या वर्षी सामना रद्द केला. तेथे कारण थकव्याचे. मागील मोसमात त्यांच्या गड्यांनी सोळा सामने खेळले होते. आणखीही कित्येक संस्था या वाटेने गेल्या. ओहायो स्टेटसारख्या काहींनी दिवस पाळला, हे त्यांस भूषणावह आहे. डिऑन सँडर्स यांनी आपापसांत खेळण्याऐवजी सिराक्यूजच्या संघाशीच वसंतात खेळू द्या अशी मागणी केली, ती एनसीएएने नाकारली. असा सगळा गोंधळ.

या दोन कारणांचा विचार वेगवेगळा केला पाहिजे. थकव्याचे कारण ऐकून मन द्रवते, परंतु ते थोडाच वेळ. विसाव्या वर्षाच्या मुलाने सोळा सामने खेळावे असा हुकूम कोणी केला? राष्ट्रीय अजिंक्यपदाच्या शेवटच्या फेऱ्यांत पूर्वी चार संघ असत. २०२४ च्या मोसमापासून ते बारा केले. त्या फेऱ्या दाखविण्याच्या हक्कासाठी ईएसपीएन या वाहिनीशी सहा वर्षांचा जो करार ठरला तो ७८० कोटी डॉलरांचा आहे. म्हणजे जेथे पैका आहे तेथे सामने वाढवावयाचे, आणि मुले थकली म्हणजे जेथे पैका नाही तो एक शनिवार कमी करावयाचा! घरातील खर्च हाताबाहेर गेला म्हणून नाटकाची तिकिटे काढावयाची थांबत नाहीत, मोलकरणीची दिवाळीची ओवाळणी मात्र बंद होते, असा संसार आमच्या वाचकांनी कोठे ना कोठे पाहिला असेल.

फोडाफोडीचे कारण अधिक गंभीर आहे. २०१८ साली 'ट्रान्सफर पोर्टल' नावाची एक नोंदवही निघाली. जो खेळाडू आपले विद्यापीठ सोडू इच्छितो त्याने तीत नाव घालावे, मग इतर विद्यापीठांनी त्याच्याशी बोलावे. २०२१ साली तेथील सर्वोच्च न्यायालयाने अ‍ॅल्स्टन खटल्यात एकमताने एनसीएएच्या विरुद्ध निकाल दिला, आणि त्याच वर्षी खेळाडूंना आपल्या नावाचा व प्रसिद्धीचा मोबदला घेण्याची मुभा मिळाली. ६ जून २०२५ रोजी न्यायाधीश क्लॉडिया विल्कन यांनी 'हाउस' खटल्यातील तडजोड मान्य केली. तिच्यामुळे पहिल्या वर्षी प्रत्येक विद्यापीठास सुमारे दोन कोटी पाच लाख डॉलर आपल्या खेळाडूंत वाटता येऊ लागले. आमच्या स्नेह्यांस येथे वाटेल की आता आम्ही 'पैशाने खेळ बाटला' म्हणून गळा काढणार. मुळीच नाही. ज्यांच्या हाडांवर कोट्यवधींचा व्यवहार उभा राहिला त्या मुलांना शतकभर 'हौशी' म्हणवून रिकाम्या हाताने घरी पाठविणे ही लबाडी होती, आणि ती न्यायालयाने मोडली हे उत्तम झाले. मजुरी मागणारा मजूर आम्हांस कधीही बाटलेला वाटला नाही.

आमचा आक्षेप निराळा आहे. या नव्या हिशेबाची भरपाई कोणाकडून करून घेतली जात आहे ते पाहा. त्याच तडजोडीने शिष्यवृत्त्यांची ८५ ची मर्यादा गेली आणि संघाच्या एकूण संख्येवरच १०५ ची मर्यादा आली. ज्या संघांत त्याहून अधिक मुले होती तेथे कात्री कोणावर चालावयाची? अर्थातच चालत आलेल्यांवर. वर्षानुवर्षे पहाटे उठणाऱ्या कित्येक मुलांस तडजोड मंजूर होण्यापूर्वीच निरोप देण्यात आला; आणि असा निरोप मिळालेल्यांचे काही रक्षण केल्याशिवाय आपण संमती देणार नाही, असे न्यायाधीशबाईंना बजावावे लागले. तेव्हा कोठे त्या वेळच्या मुलांपुरती सवलत निघाली. पुढे येणाऱ्यांस ती नाही. एका हाताने हा नातू यादीतून काढला, दुसऱ्या हाताने त्याचा एकमेव शनिवार काढला. आणि हे दोन्ही करणारे लोक तेच आहेत जे व्याख्यानांत 'आमचे कुटुंब' हा शब्द दर पाचव्या वाक्यास वापरतात.

फोडाफोडीची भीती खोटी आहे असे आम्ही म्हणत नाही. पण चोर आला कोठून? रूल यांच्याच म्हणण्याप्रमाणे दूरचित्रवाणीवरून. तर मग कॅमेरे बंद करावे आणि दरवाजे उघडे ठेवावे, हा उपाय एवढ्या मोठ्या पगाराच्या डोक्यांस सुचू नये याचे आम्हांस नवल वाटते. कोणी म्हणेल, आत बसणाऱ्याच्याही खिशात आज कॅमेरा असतो. असेना. दुसऱ्या विद्यापीठाचा हेर ऐंशी हजारांत बसून दुर्बिणीने काय पाहावयाचे ते पाहो; मोसमातील डझनभर सामन्यांत जे साऱ्या जगाने पाहिले त्याहून त्यास अधिक काय मिळणार? लिंकन गावी १९६२ सालापासून मोसमातील प्रत्येक सामन्याची झाडून सारी तिकिटे संपत आली आहेत. सामान्य शेतकऱ्याच्या कुटुंबास सहज आत शिरावयास मिळे तो हाच एक दिवस. याच दिवशी, २०१३ साली, मेंदूच्या कर्करोगाने आजारी असलेल्या एका सात वर्षांच्या मुलाच्या हाती नेब्रास्काच्या गड्यांनी चेंडू दिला आणि त्यास ६९ यार्ड पळू दिले. दोन्ही बाजूंचे धिप्पाड तरुण त्याच्या मागेपुढे धावले व शेवटी त्यास खांद्यावर घेतले. मोसमात असे घडणे शक्य नाही, कारण तेथे गुण मोजावयाचे असतात. सराव होता म्हणूनच ते घडले.

आणि आता ज्ञानाविषयी. आमचे स्नेही विचारतील, विद्यापीठाने हे का करावे? ओहायो स्टेट किंवा नेब्रास्का या संस्था कोणा धर्मादाय सावकाराच्या देणगीतून निघालेल्या नाहीत. अब्राहम लिंकन यांच्या सहीने १८६२ साली जो मॉरिल कायदा झाला, त्याखाली सरकारी जमीन देऊन शेतकरी व कारागीर यांच्या मुलांसाठी ज्या शाळा काढल्या त्यांपैकी या आहेत. त्या राज्यातील दहा माणसांपैकी कितीजणांना त्या विद्यापीठाच्या ग्रंथालयात पाऊल ठेवण्याचा प्रसंग येतो? जे कर भरतात आणि ज्यांची मुले तेथे कधी शिकणार नाहीत, त्यांनी त्या आवारात कोणत्या निमित्ताने यावे? आम्हां प्राध्यापकांच्या व्याख्यानास? आम्ही आमची व्याख्याने ऐकली आहेत. कोलंबसमध्ये त्या शनिवारी आमच्या शेजारचा म्हातारा विद्यापीठास 'आमचे' म्हणत होता, आणि तो शब्द तो विनाअधिकार वापरीत होता असे आम्हांस वाटले नाही.

राहता राहिला सराव पाहण्याच्या वेडाचा प्रश्न. गवई घरी पहाटे स्वर लावीत असता जिन्यात उभे राहून ऐकणारे लोक आपल्याकडे होऊन गेले. त्यांस आपण रसिक म्हणतो. शिवाजी पार्कवर जाळीमागे उभे राहून कोवळ्या पोरांची फलंदाजी तासन्‌तास पाहणारे सेवानिवृत्त गृहस्थ मुंबईत आजही आहेत, आणि आमच्या स्नेह्यांचे एक मामा त्यांत होते असे आम्हांस पक्के स्मरते. सामना पाहणाऱ्यास निकाल हवा असतो. सराव पाहणाऱ्यास तो नको असतो; त्याला मुलगा कसा वाढतो आहे तेवढे पाहावयाचे असते. शिक्षकाच्या धंद्यातील माणसास ही भूक ओळखीची वाटू नये याचे आम्हांस आश्चर्य वाटते, कारण वर्गात आम्ही दुसरे काय करतो?

एनसीएएने आता वसंतातील ती नोंदवही बंद केली आहे. २०२६ पासून संघ बदलण्याची मुदत एकदाच, जानेवारीत. म्हणजे एप्रिलात खेळाडू दाखविला आणि मे महिन्यात तो पळविला, ही सबब ज्यांनी पुढे केली त्यांच्या हातून ती गेली. ती सबब खरी होती तर त्या सर्वांनी आता पूर्वीसारखे दरवाजे उघडावयास हवेत, कॅमेऱ्यासह किंवा कॅमेऱ्यावाचून. जे उघडणार नाहीत त्यांनी नवे कारण शोधावे, आणि ते शोधताना आपल्या राज्यातील लोकांपुढे उभे राहून ते मोठ्याने वाचून दाखवावे.

आमच्या स्नेह्यांस आमची एवढीच विनंती आहे की पुढील एप्रिलात त्यांनी कोलंबस गाठावे. पुतण्या अद्याप तेथेच आहे. उतरण्याची सोय होईल आणि तिकिटाचे पैसे आम्ही भरू. पुस्तक बरोबर नेण्यास हरकत नाही.